तांदळातलं नाव

भांडुप,
२२ एप्रिल १९८६

ताईंना नमस्कार.

मायन्यात नाव घातलं नाही म्हणून रागावू नका. कुठलं घालावं तेच सुचेना. तुमची तब्येत बरी असेल. लताची नववीची परीक्षा आटोपली. इथे उकाड्याने जीव नकोसा झालाय, नळाला पाणी करंगळीएवढं येतं. तुमच्याकडे आंबा कसा आहे यंदा? ह्यांना दरवर्षी देवगडहून एक पेटी यायची. कुणी मित्र पाठवतो म्हणायचे. आता कळतं, कोण पाठवत होतं.

सोमवारी कोर्टात तारीख आहे, ते तुम्हाला ठाऊकच आहे. तर सांगायचं असं, की तुम्ही येऊ नका. एसटीचा एवढा लांबचा प्रवास, त्यात तुमचे गुडघे. मागच्या वेळी जिना चढताना तुम्ही भिंत धरून थांबलात, ते मी पाहिलं. तारखा काय, पडतच राहतात. तुम्ही घरीच बऱ्या.

खोटं लिहितेय. तुमच्या गुडघ्यांची काळजी मला कशाला असेल?

माहेरची मी शकुंतला, सगळे शकु म्हणायचे. लग्नात ताटात तांदूळ पसरले आणि ह्यांनी अंगठीने नाव लिहिलं, नलिनी. माझा भाऊ धाकू म्हणाला, सुहासिनी ठेवा. तर हे म्हणाले, ऑफिसात नलिनीच दिलंय, आता बदल नको. मी हरखलेच. लग्नाआधीच बायकोचं नाव ठरवून ऑफिसात देऊन ठेवणारा नवरा! चाळीतल्या बायकांना मी किती वर्षं कौतुकाने सांगत होते. तेच नाव आधी तुमच्या ताटात लिहून झालं होतं, हे मला कळलं ते हे गेल्यावर, फॅमिली पेन्शनसाठी तुमचाही अर्ज आला तेव्हा. माणसाने बायको दुसरी केली आणि कागद तेच ठेवले. ह्याला कंटाळा म्हणू की कावा? गेलेल्या माणसाबद्दल असं लिहू नये, पण जिवंतपणी भांडायला त्यांनी मला काही कळूच दिलं नाही.

आता वकील काय म्हणतात ते सांगते. माझं लग्न दुसरं ठरलं, तर कायद्याने मी बायकोच नव्हे. पण सर्व्हिस बुकात नाव नलिनी, आणि माझं रेशनकार्ड, मतदारयादी, सगळीकडे नलिनी. तुम्हाला सासूबाईंनी कधी त्या नावाने हाक मारली नाही, म्हणून गावात तुम्ही कागदावरही मालनच राहिलात. तुमचं लग्न लावणारे भटजी वारले, फोटो कुणी काढलाच नव्हता. वकील म्हणाले, "सोमवारी शपथेवर एवढंच बोला, ह्या बाईंना मी ओळखत नाही."

तुम्ही समोर नसलात तर मला ते बोलता येईल. म्हणून तुमचे गुडघे.

ताई, मी काय करू? साड्यांना फॉल लावून दोघींचं पोट भरत नाही. घरमालकाने खोली सोडायला सांगितलीय. धाकू आता जिन्यात भेटला तरी घाईत असतो. लता परवा म्हणाली, आई, मग आता तुझं नाव काय? मी तिला एक थोबाडीत दिली आणि मग दोघी रडत बसलो.

बोलायचं ठरवलंच होतं मी. पण मागच्या तारखेला शिपायाने "नलिनी तुळशीदास परब" म्हणून पुकारलं, आणि आपण दोघी उभ्या राहिलो. लोक हसले. तुम्ही माझ्याकडे पाहिलंत, लताकडे पाहिलंत, आणि खाली बसलात. हळूच म्हणालात, "तू उभी रव गो. तुका पोर आसा."

इतकी वर्षं तिकडे सासूबाईंचं हगणंमुतणं तुम्ही काढलंत, आणि उभं राहायची वेळ आली तर खाली बसलात. मला तुमचा फार राग आला. शिव्या घातल्या असत्यात तर माझं सोपं झालं असतं.

हे पत्र तुमच्या वकिलाला दिलंत की माझी केस संपली. चुलीत घातलंत तर सोमवारी मी शपथ घेईन आणि तुम्हाला ओळखणार नाही. मला ठरवता येत नाही, तुम्ही ठरवा. हे तुमच्यावर टाकणं बरं नव्हे, पण मला दुसरं कुणी राहिलेलं नाही. वकिलाला दिलंत तर एवढंच करा, लताला आडकाठी करू नका. मुलीला थोडा हिस्सा मिळू शकतो म्हणे. तिला खरंच काही माहीत नव्हतं, मालनताई. मलाही नव्हतं.

खाली एक अक्षर खोडलेलं दिसेल. सवयीने हात तिकडे गेला. ते नाव आधी तुमचं.

तुमची धाकटी,
शकु