आत्याचा उसना चेहरा

तीर्थस्वरूप आत्यास,

शिरसाष्टांग नमस्कार. तुझे गुडघे कसे आहेत? (मी बँकेतली नोकरी सोडल्यापासून तू माझा फोन उचलत नाहीस. फोन उचलायला गुडघे लागत नाहीत हे मलाही कळतं, पण तुझी बाजू घ्यायला काहीतरी हवं ना.) मी 'लोकांची तोंडं रंगवत फिरते' हे तू येईल-जाईल त्याला सांगतेस असं बाबांकडून कळलं. फुकटच्या जाहिरातीबद्दल आभारी आहे.

सध्या एका स्वतंत्र सिनेमाचा मेकअप करतेय. स्वतंत्र म्हणजे ज्याच्या मागे कुणीही उभं नाही असा. मेकअप रूम म्हणजे दिग्दर्शकाच्या भावाचं गॅरेज. आरसा स्कूटरचा आहे, त्यात हिरॉइनला एका वेळी एकच गाल दिसतो, त्यामुळे तक्रारीही निम्म्याच येतात. दिग्दर्शकाला या पंचविशीतल्या मुलीची सत्तरीची कजाग म्हातारी करून हवी होती. खरीच म्हातारी का घेत नाही, असं विचारलं तर म्हणाला, "मग त्यात कला काय राहिली?" (कलेपुढे मी वाद घालत नाही. ती सकाळी सातला सुरकुत्यांचा गोंद लावून घेते आणि दुपारी खाजवते.) माझी पहिली म्हातारी गोड निघाली, दुसरी आजारी. मग वैतागले, हात आपोआप चालत गेले, आणि बघते तर खुर्चीत तू! भुवयांमधली ती उभी आठी, समोरच्याचं ऐकायच्या आधीच 'नाही' म्हणणारी जिवणी. सगळं युनिट सावरून बसलं. कॅमेरामनने सिगारेट विझवली, मी स्वतः च्युइंगगम गिळलं. आता तू भडकशील, पण समोर तुझा फोटोसुद्धा नव्हता गं, सगळं पाठ होतं. मला रडूच आलं.

तर हिरॉइनला मोठ्या बॅनरचं काम मिळालं आणि ती शेवटचा सीन टाकून पळाली. त्या सीनमध्ये म्हातारी मरते. म्हातारी मेली नाही तर सिनेमा संपत नाही, आणि सिनेमा संपला नाही तर पडद्यावर माझं नाव येत नाही. याआधीचे माझे दोन सिनेमे एडिटिंगमध्येच वारले, तिसरा त्याच्या दिग्दर्शकाच्या लग्नात.

बाकी सगळं ठीक. प्रकृतीला जप.

तुझी,
रंगारी भाची

ता. क. : येऊन मरशील का? एकच दिवस. नुसतं पडून राहायचं आहे. फक्त मेल्यावर मध्येच उठून कुणाला शिस्त लावायची नाही.

ता. क. दुसरा : दिग्दर्शकाला तुझा फोटो दाखवला. म्हणाला, "या बाई तर किती प्रेमळ दिसतात, आपली म्हातारी कजाग आहे." म्हणजे तुझ्यासारखी दिसायला तुला माझ्यापुढे तीन तास मेकअपला बसावं लागेल. (ती आठी फक्त माझ्यासाठीच होती की काय?)

ता. क. तिसरा : खरं सांगते, पांघरूण घातलं की प्रेत कुणाचंही चालेल. दिग्दर्शक तयार आहे, मीच अडून बसलेय. सुरकुत्यांचा गोंद वाळेपर्यंत तोंड उघडता येत नाही. तू आजवर जे ऐकून घेतलं नाहीस, ते मी तेवढ्यात सांगून टाकेन. गोंद निघाला की हवं तेवढं ओरड.