आईनं वाचलेलं चित्र

घाटंजी, १२ जानेवारी २०२०

प्रिय राजदीपदादा,
जयभीम.

आधी घाटंजीत पाट्या रंगवणाऱ्या आन् आता पुण्यात राहणाऱ्या माझ्या भावाच्या चित्रकथेले तिथं बक्षीस भेटलं, हे पेपरात वाचलं. आईले वाचता येत नाही म्हणून तू अख्ख्या पुस्तकात एकही शब्द ठेवला नाही, असं त्यात लिवलं आहे. पण आईनं ते कसं वाचलं, हे मी तुले कधी सांगितलं नाही.

ती एकेका चित्रावर बोट ठेवत गेली. बाबा फवारणीचा पंप पाठीवर घेतात, तिथं थांबली. "जा म्हणून हात दाखवून राह्यला, तो राजदीपच न?" तिनं इचारलं. मी "हो" म्हटलं.

दादा, त्या सकाळी बाबा म्हणत होते, "पोरी, कालपासून डोकं गरगरते, आज राहू दे." मीच म्हटलं, "अळी सारा कापूस खाईन, जा." आई वेचणीले गेलती. तू घरात होता, तुले सारं ऐकू आलं. औषध अंगात भिनून तिसऱ्या दिवशी बाबा वारले. तू मले एका शब्दानं बोलला नाही. पुस्तकात माझ्या जागी सोताले काढलं.

ते चित्र पाह्यल्यापासून आई तुझा फोन घेत नाही. काल तू इचारलं, "आई कुठं आहे?" मी म्हटलं, "वावरात." ती माझ्या बाजूलेच बसून तुझा आवाज ऐकून राह्यली होती.

हे पत्र धाडणं माझ्यानं होत नाही. आधी आईले खरं सांगा लागते, आन् तिच्यासमोर माझं तोंडच उघडत नाही.

जिले तू वाचवलं, ती
दीपमाला