मढ्याचा क्लोजअप

३ मार्च, सोलो शहर
ऑर्केस्ट्राचा राजीनामा दिला. तोंडी. कास्दीकाका मालक असले तरी कलेतलं त्यांना ओ की ठो कळत नाही. लग्नांच्या मांडवात दांगदुतची नाचगाणी वाजवण्यात जन्म गेला. बायको, वार्तिनी, पुढे उभी राहून गाते आणि टाळ्या घेते. मी मागे स्पीकरच्या आड बासरी फुंकतो. बस्स झालं. आता सिनेमा. आधी अभिनय, वर्षभरात दिग्दर्शन.
वार्तिनी म्हणाली, बासरी तरी घरी ठेवून जा. ठेवली. हीरोला कशाला लागते?

९ मार्च, जकार्ता
सिलेक्ट झालो! ऑडिशनला श्वास रोखून पडायला सांगितलं. इतका वेळ पडलो की त्यांनीच घाबरून हलवलं. भुताचा सिनेमा आहे आणि भूत मीच. म्हणजे टायटल रोल. संवाद नाहीत. चांगलंच आहे. मोठे नट डोळ्यांनी बोलतात.

१२ मार्च
डोळे मिटलेले ठेवायचे आहेत. नाकात कापूस. अंगभर कफन, डोक्यावर गाठ. आमच्याकडचं भूत असंच, कफनात बांधलेलं, उड्या मारत येतं.

१५ मार्च
दिग्दर्शक हेंद्रा. आत्ता कुठे मिसरूड फुटलंय. कॅमेरा कुठे लावावा ते मी कफनातूनच समजावून सांगितलं. तो शांतपणे म्हणाला, "काका, तुम्ही मेलेले आहात."
सगळं युनिट हसलं. जळतात मेले.
भुताच्या उड्यांचा शॉट दुसऱ्याला दिला. म्हणे माझे गुडघे वाजतात आणि ते माईकमध्ये येतं.

२० मार्च
स्वतःची स्क्रिप्ट सुरू. नायक बासरीवाला. वार्तिनीला फोन करून हिरॉइनचा रोल देऊ केला. तिने विचारलं, जेवलात का? जेवलो म्हटलं. जेवलो नव्हतो. मढ्याचं पार्सल मागवायला विसरले होते.

२८ मार्च
आज माझ्या चेहऱ्याचा साचा घेतला. असला मान प्रत्येकाला मिळत नाही.

४ एप्रिल
फोन आला. उरलेल्या शूटिंगला यायची गरज नाही. रबरी मढं तयार झालंय. हुबेहूब मीच, आणि ते शिंकत नाही.
एकदाच शिंकलो होतो. कापसामुळे.

१४ एप्रिल, क्लातेन
इथल्या एका लग्नात आमच्या ऑर्केस्ट्राचा प्रोग्रॅम होता. न कळवता गेलो. माझ्यावाचून त्यांचं अडलं असणार. उपकार म्हणून थोडे दिवस वाजवून देऊ, असं ठरवलं होतं.
स्टेजवर बासरीवाला नव्हता. बासरी मात्र वाजत होती. माझीच. मुरकी माझी, दम माझा. कीबोर्डवाली बाई बटणं दाबत होती.
गाणं संपल्यावर वार्तिनी खाली आली. म्हणाली, तुम्ही घरी रियाज करायचात तेव्हाच मशीनमध्ये भरून घेतलं होतं. राजीनाम्याच्या कितीतरी आधी. कास्दीकाकांनीच सांगितलं होतं.
मी विचारलं, मग मी काय करू?
"तुम्हीच वाजवताय की," ती म्हणाली. "आता तर वेळेवर वाजवता."
आणि पुन्हा स्टेजवर गेली. आवाज छान लागला होता तिचा, मेलीचा.
माझी बासरी सुरू झाली. सवयीने माझा श्वास रोखला गेला. शेजारी बसलेल्या गृहस्थांनी हातातलं ताट खाली ठेवलं.
"पाहुणे, बरं नाही का वाटत? श्वास घ्या."