हरलेल्याची सही

अण्णा, इथे अमेरिकेत ट्रॉयला सकाळपासून बर्फ पडतंय आणि मला तुमचा नववीचा इतिहासाचा तास आठवतोय. फळ्यावर तुम्ही युरोपचा नकाशा काढलाय. महायुद्धं संपली की मुत्सद्दी जमतात आणि जुन्या सीमा पुसून नव्या आखतात, असं सांगत तुम्ही हाताच्या तळव्याने पोलंड पुसता. व्हिएन्नाला हरलेल्या फ्रान्सलाही बोलणीत घेतलं, म्हणून ती घडी बरीच वर्षं टिकली. व्हर्सायला जर्मनीला नुसतं सहीपुरतं बोलावलं आणि वीस वर्षांत पुन्हा युद्ध पेटलं. मी मान खाली घालून भराभर उतरवून घेत होतो, तर तुम्ही माझ्यावरच उखडलात, "लिहितोस काय नुसता? हरलेल्यालाही विचारायचं असतं, एवढं डोक्यात ठेव." परीक्षेत मला पैकीच्या पैकी मिळाले.

तुम्ही गेलात तेव्हा वडील वारले म्हणून कंपनीने मला दोन आठवड्यांची रजा दिली. तुमच्याशी भांडून घराबाहेर पडलेला धाकटा तेराव्याला आला आणि दिवसभर दाराशीच बसून राहिला. काका म्हणाले, तू इथे आहेस तोवर वाटणी उरकून घे. मला काय, प्रोजेक्ट प्लॅन करायची सवयच! लॅपटॉपवर नागपूरच्या घराचा नकाशा काढला, वरचा मजला त्याला, खालचा मला, अंगणात मधोमध भिंत. मोजूनमापून सारखं केलं, म्हणजे न्याय झाला असं वाटलं मला. तो पुन्हा आला तेव्हा वाटणीपत्र टाइप होऊन तयार होतं.

"दादा, आधी थोडं बोलायचं होतं," तो म्हणाला.

"आता चेंजेस नको रे, माझी फ्लाइट आहे," मी म्हटलं. फ्लाइटला अजून चार दिवस होते, अण्णा. त्याने उभ्या उभ्याच सही केली. त्यानंतर तीन वर्षं झाली, तो माझा फोन उचलत नाही. त्याच्या घरी मुलगा झाला, तेही मला काकांकडून कळलं.

काल लेकीला शाळेसाठी व्हर्सायवर निबंध लिहायचा होता. मी मोठ्या हौसेने समजावायला बसलो. ती मध्येच थांबली. "वेट, बाबा. नोबडी आस्क्ड देम एनीथिंग?" मी नाही म्हटलं. "दॅट्स सो मीन," ती म्हणाली आणि लिहायला लागली. मी उठून उगाचच सिंकमधली भांडी घासत राहिलो. लाज वाटली हो.

आज पुन्हा फोन लावला. रिंग वाजून वाजून बंद झाली. हे पत्र काही कुठे पाठवता येणार नाही, म्हणून तुम्हाला खरं सांगून टाकतो. त्याला त्या दिवशी काय बोलायचं होतं, ते मला अजून माहीत नाही. तेव्हा ते मला ऐकायचंच नव्हतं.