शेंडा, बुडखा, सबूर

सर, मोटेच्या जुन्या चामड्याचा सॉफ्टबॉलचा पंजा मी शिवला, दुपदरी मेणदोऱ्यानं. जिनिंगच्या टाकाऊ पट्ट्यातून बॅटवाल्याच्या पायाशी ठेवायची पाच कोनांची होम प्लेट कापली. खिडकीच्या सळया वाकवून बॅटवाल्यामागं बसून झेलणाऱ्या कॅचरचा मुखवटा केला, आतून घोंगडीची पट्टी लावली. बाभळीची पहिली बॅट जड झाली, म्हणून दुसरी लिंबाची केली. आणि पिचिंग, म्हणजे चेंडू टाकणं. तुम्ही मला परदेशी पुस्तिकेची चार पानं दिली होती, पण एका चित्रातून दुसऱ्या चित्रात जाताना मनगट काय करतं ते त्यात नव्हतं. ते मी गावाकडं, बोरीला, गोठ्याच्या भिंतीवर चेंडू हाणून हाणून शोधलं. हे तुमच्या तोंडावरही सांगितलं होतं. तुम्ही हसलात. म्हणालात, बरं बाबा, तू स्वयंभू.

आमच्या दादांनी सॉफ्टबॉल म्हणजे काय ते विचारलं, मी मऊ चेंडू असं सांगितलं. त्यांनी तो हातात घेऊन दाबला आणि म्हणाले, "ह्याला मऊ म्हंतेत? मग दगडाला काय म्हनावं?" कॉलेजातही तसंच. मैदान क्रिकेटवाल्यांचं, आपल्याला कोपरा, तोही बाभळीच्या काट्यांचा. काटे तुम्ही स्वतः वेचायचात. एक पोरगा या खेळावर नोकरीला लागू दे, मग बघतो हे कसं हसतात, असं पुटपुटत.

कॅचर तुम्हीच आणलात. पूर्णेच्या बौद्ध वस्तीतला, रेल्वेच्या गँगमनचा मुलगा, पॅसेंजरनं येणारा. कुठला चेंडू टाकायचा ते सांगणाऱ्या बोटांच्या खुणा त्याला पटेनात. मुखवट्याआडून तो सरळ ओरडायचा. शेंडा म्हटलं की मी चेंडू वर उसळवायचा, बुडखा म्हटलं की खाली बुडवायचा, सबूर म्हटलं की हळू सोडायचा. समोरच्या संघांना वाटायचं, हे येडे मॅच सोडून ऊस तोडायलेत. विद्यापीठाच्या संघातून आम्ही दोन वर्षं खेळलो, आणि शेंडा कशाला म्हणतात हे कळेपर्यंत बॅटवाला बाद होऊन परत जाऊन बसलेला असायचा.

मग नामांतराचं पेटलं. छातीवर ज्या विद्यापीठाचं नाव घालून आम्ही खेळत होतो, त्याच नावावरून गावंच्या गावं तुटली. माझा कॅचर मोर्चात गेला. बोरीत पारावर एक चुलते मला म्हणाले, "आता तरी त्याच्याकडं फेकायचं बंद कर." मी म्हणालो, "फेकाया कुनालाबी येतं, काका. झेलनारा दावा." ते उठून गेले. तुम्हांला हे कळलं तेव्हा तुम्ही माझ्या चहात तुमच्या हातानं साखर घातलीत. पुढं तो सत्याग्रहात तुरुंगात गेला, आणि त्याच महिन्यात पुण्याच्या कंपनीचं बोलावणं आलं. त्यांच्या क्रीडा अधिकाऱ्यानं आमची मॅच पाहिलेली होती. परभणी स्टेशनवर मला सोडायला तुम्ही इस्त्रीचा शर्ट घालून आला होतात, जणू नोकरी तुम्हांलाच लागणार होती.

चौथ्या दिवशी मी परत आलो आणि नाही म्हणून आलो असं सांगितलं. तुम्ही खुर्चीतून उठलात. "लक्ष्मी टिळा लावायला आली आणि तू तोंड धुवायला गेलास?" तुमचा आवाज मी तसा कधी ऐकला नव्हता. खिडकीकडे तोंड केलंत आणि हळूच विचारलंत, "त्याच्यासाठी? तो आत आहे म्हणून?" मी हो म्हणून मान हलवली. तुमचे डोळे भरले. मग ठीक आहे, म्हणालात, आणि तो विषय माझ्यापाशी पुन्हा कधी काढला नाहीत. उलट दर साली नव्या पोरांना ती गोष्ट सांगत राहिलात. मी शेजारी उभा असायचो, पॅडची शिवण तपासत.

आज जिंतूर रस्त्यावर माझं वर्कशॉप आहे. पंजे, पॅड, मुखवटे करतो, एकही टाका सैल जात नाही. तुम्ही जाऊन इतकी वर्षं झाली की तुमच्या त्या कोपऱ्यात आता इमारत उभी आहे. हे कागद कुणाला दाखवणार नाही, म्हणून लिहितो.

पुण्याचं मैदान हिरवंगार होतं. त्यांचा कॅचर चांगला होता, माझ्या मित्रापेक्षाही चपळ. त्यानं बोटांची खूण न करता सांगितलं, तुम्हांला वाटेल तो टाका. मी चेंडू घेऊन उभा. हात वर जाईना. कुणी शेंडा म्हणत नव्हतं, कुणी बुडखा म्हणत नव्हतं. कुठला चेंडू कधी टाकायचा, हे मी एकदाही स्वतः ठरवलेलं नव्हतं, सर. सगळं तो ठरवायचा. मी साधे, सरळ चेंडू टाकले. त्यांना तेही आवडले. त्यांना फरक कळला नाही, मला कळला, आणि तो उद्या सगळ्यांना कळेल या भीतीनं मी नाही म्हणालो. दोस्तीचं कारण नंतर आलं, तुमच्या तोंडातून.

मी नाकारली ती कंपनीच्या स्टोअरमधली कायमची जागा होती. अर्धा दिवस काम, अर्धा दिवस खेळ, राहायला खोली, आणि महिना सातशे चाळीस रुपये.