घोडनदीत सोडलेली हाडं

बाई,

तुम्ही गेलात त्याला आता नऊ वर्षं होतील. तुमच्यावर माझा राग नाही. किळस आली आहे ती इथली. इथली म्हणजे या मोठ्या विद्यापीठाच्या वैद्यकीय महाविद्यालयातली, जिथे मी शरीररचना विभागात तंत्रज्ञ आहे आणि जिथे तुमचा देह मी स्वतः घेऊन आले. अकरावीचं प्रॅक्टिकल आठवतं? ट्रेमधल्या बेडकाचा स्नायू ओढला की त्याचा पाय उडतो, हे मला कळलं आणि मी त्याला सलाम ठोकायला लावला. वर्ग हसला. तुम्ही ओरडला नाहीत. "हसायचं असेल तर बाहेर जाऊन हस. तो आपल्यासाठी मेलाय," एवढंच म्हणालात. तो सगळा तास मी दाराबाहेर उभी होते. आमच्या घरात तोवर कुणी दहावीच्या पुढे गेलेलं नव्हतं. मला बी.एस्सी. करायचंय म्हटल्यावर वडील म्हणाले, "बेडकं कापायला कालेज कशाला पायजे? खाटकाकडं जा, तो फुकट शिकवील." पण बी.एस्सी. होऊन मला इथे नोकरी लागली तेव्हा तुम्ही तुमची स्वतःची चिमटे-कात्र्यांची पेटी रुमालात बांधून मला दिलीत. मला वाटलं, आता मी स्वच्छ, खऱ्या कामाच्या जागी चालले आहे.

देहदानाचा फॉर्म तुम्ही निवृत्तीच्या आधीच भरला होता. साक्षीदार म्हणून सही माझी होती. तुम्ही गेलात त्या सकाळी महाळुंगे पडवळला तुमच्या दारात लाकडं येऊन पडली होती आणि मी तो कागद धरून उभी होते. तुमचे थोरले भाऊ, आम्हा सगळ्यांचे दादा, कागदाकडे बघायला तयार नव्हते. "बहिणीला आग द्यायची न्हाई, मग मला भाऊ कशापायी म्हणायचं?" मग ते माझ्याकडे वळले. "पोरी, तू हाईस ना तिथं? हाडं तरी माघारी मिळत्याल का?" मी म्हणाले, "मिळतील दादा. वर्षभरानं मी स्वतः तुमच्या हातात देईन." मी कुणालाही विचारलं नव्हतं. एवढं मोठं विद्यापीठ, तसा नियम असणारच, असं मी धरून चालले. दहाव्याला घोडनदीच्या काठी पिंडाला कावळा शिवेना. तुमच्या भाच्यांची लग्नं करू, शाळेला पंखे देऊ, सगळं कबूल करून झालं. शेवटी दादांनी हात जोडले, "ताई, तुजी हाडं आणीन, हितंच सोडीन," आणि कावळा आला. तुम्ही असता तर म्हणाला असतात, त्याला तेव्हा भूक लागली असेल. पण त्या दिवशी माझा शब्द दादांच्या शब्दात अडकला.

इथे दर वर्षी देहदात्यांच्या नातेवाइकांना शाल-श्रीफळ देतात. विभागप्रमुख माइकवर सांगतात, हे देह म्हणजे आमचे पहिले गुरू. तुमच्या वर्षी दुसऱ्या दिवशी मी विच्छेदनाच्या हॉलमध्ये जाते तर तुमच्या ताठलेल्या हाताला एका मुलाने डब्याची पिशवी अडकवलेली आहे. मी ती काढते. तो म्हणतो, "सॉरी मॅडम, खुंटीच वाटली." आजूबाजूचे हसतात. त्यांना बाहेर काढणारं तिथे कुणी नाही. मला तो अधिकार नाही. तुमच्या घोट्याला मी माझ्या अक्षरातली चिठ्ठी बांधली होती, ती दोन महिन्यांत गेली. पुढे विभागप्रमुखांचं दंडाच्या हाडांवरचं संशोधन सुरू झालं. सगळी हाडं उकळून एकाच खोलीत पोत्यांत ओतली गेली. वय आणि स्त्री-पुरुष हे रकाने आम्ही अंदाजाने भरत होतो. मी विचारलं, "सर, कुणाचं कुठलं हे कळणार कसं?" ते म्हणाले, "मला लांबी हवी आहे, वंशावळ नको. आणि अंदाज जरा वेगवेगळे लिहा, एकसारखे दिसायला नकोत." तो निबंध छापून आला. पेढे वाटले गेले. माझा पेढा मी कागदासकट टोपलीत टाकला. बाई, त्या दिवसापासून मला फॉर्मॅलिनच्या वासाचं काही वाटत नाही, पेढा मात्र हातात घेववत नाही.

वर्षभराने दादा पहिल्या एसटीने आले. धुतलेली टोपी, हातात तांब्याचा लोटा, लोट्यावर लाल फडकं. क्लार्क मला म्हणाला, "प्रेत घेतल्याची पावती देतो आपण. परत दिल्याची छापलेलीच नाही." शिपायाने दादांना विचारलं, "पावणं, काय पायजे? हात का पाय?" दादांना ती थट्टा कळली नाही. "सगळं मिळंल तर बरं," ते म्हणाले. मी त्यांना कॅन्टीनमध्ये चहापुढे बसवलं आणि हाडांच्या खोलीत गेले. लहानपणी ओझरच्या जत्रेत बैलगाडीतून पडून तुमचा उजवा दंड मोडला होता, हे तुम्हीच सांगितलं होतं. जुळलेल्या हाडावर गाठ असणार. दोन पोती मी जमिनीवर पालथी केली. गाठ असलेलं एकही हाड सापडलं नाही. चांगली हाडं मागच्या दाराने पहिल्या वर्षाच्या मुलांना अभ्यासासाठी विकली जातात, हे तोवर मला कळलं होतं. मग मी मनगटाची चार-पाच हाडं उचलली, धुतली, पुसली आणि लाल फडक्यात बांधून आणली. दादांनी ती कपाळाला लावली. "लई हलकी झाली गं आमची ताई," ते म्हणाले. मी मान हलवली. त्याच संध्याकाळी त्यांनी ती घोडनदीत सोडली. कुणाची होती, मला माहीत नाही. एकाच माणसाची होती का, तेही माहीत नाही.

मी तक्रार केली नाही. करायची तर आधी माझंच काम सांगावं लागलं असतं. दादा मात्र गावभर सांगत राहिले की आपली पोरगी तिथं हाय, ताईचं सगळं येवस्थित झालं. हे खरं तर त्यांना लिहायला हवं. पत्ता मला पाठ आहे. तुम्हाला लिहिते आहे, कारण तुम्ही उलट काही विचारणार नाहीत.

गेल्या आठवड्यात त्यांचा फोन आला. आता ते ऐंशीच्या घरात आहेत. "पोरी, माजाबी एक फॉर्म पाठीव. मला आगीत नगं, ताईसारखंच करायचं." मी त्यांना सांगितलं, फॉर्म संपलेत, नवे छापून यायला वेळ लागेल. माझ्या कपाटात फॉर्मचा अख्खा गठ्ठा आहे.