प्रतीक्षायादीतलं पहिलं नाव

अण्णा, तुमच्याच ऑफिसात आता मी आस्थापना शाखेत बसते. नेमणुकांच्या फाइली माझ्या हातून जातात. माझ्या केसचा निकाल लागला तेव्हा तुम्ही नव्हतात, म्हणून आज लिहायला बसले.

बंगळुरातल्या राजाजीनगरच्या घरातली ती सकाळ आठवते. आई भाकरी थापतेय, तुम्ही डब्यासाठी खोळंबलायत आणि मी माहिती अधिकारात आलेलं उत्तर तुमच्यापुढे धरते. निवड झालेला एक उमेदवार रुजूच झालेला नाही. प्रतीक्षायादीत पहिलं नाव माझं, यादीची मुदतही शिल्लक. तरी ऑफिस म्हणतं, जागा रिक्त नाही. "मी न्यायाधिकरणात जाणार," म्हटलं, तसे तुम्ही भडकलात. "माझ्याच साहेबांवर केस घालणार तू? निवृत्तीला दोन वर्षं राहिलीत माझ्या. स्वल्प धीर धर, पुढची परीक्षा दे."

"परीक्षा दिलीय अण्णा. पासही झालेय."

तुम्ही डबा न घेताच निघून गेलात. पुढे कित्येक महिने आपण आईमार्फत बोलत होतो.

मग ती सुनावणी. सरकारी वकील जागा नसल्याचं सांगतायत, आणि मागचं दार उघडून तुम्ही आत येता. पुढच्या रांगेतले तुमचे साहेब वळून पाहतात. त्यांना नमस्कार करून तुम्ही सरळ माझ्या शेजारी येऊन बसलात. रजा टाकून आला होतात, हे आईकडून नंतर कळलं. बाहेर आल्यावर कानडीतलं 'ठीक आहे' जोडून एवढंच म्हणालात, "सरी, चल, कॉफी घेऊ." त्यानंतर मला हरायची भीती उरली नाही. तुम्ही गेलात त्याच वर्षी निकाल लागला, माझ्या बाजूनं.

मागच्या महिन्यात तशीच फाइल माझ्या टेबलावर आली. प्रतीक्षायादीतली पहिली मुलगी, न भरलेली जागा, तिचा अर्ज न्यायाधिकरणात. आताचे साहेब म्हणाले, "नेहमीचं उत्तर तयार करा. जागा रिक्त नाही."

"सर, जागा रिक्त आहे. खोटं प्रतिज्ञापत्र मी तयार करणार नाही."

"तुम्हीही अशाच आलात ना?"

"हो. म्हणून तर माहीत आहे, यात आपण हरतो."

ते हसले. मी नियमासकट टिपण लिहिलं, नेमणूक द्यावी म्हणून. वर दोनदा शंका निघाल्या, दोन्ही वेळा मी उत्तर दिलं. शेवटी साहेबांनी सही केली.

सोमवारी ती रुजू झाली. बेळ्ळंदूरहून दोन बस बदलून, तरी वेळेच्या आधी. सही करताना तिनं हळूच विचारलं, "मॅडम, केस केली म्हणून इथे कुणी त्रास देईल का?" मी ठामपणे सांगितलं, "छे! इथे कुणाच्या लक्षातही राहत नाही." दुपारी माझा डबा उचलला आणि तिच्या टेबलाशी जाऊन बसले.

हे पत्र कुठे पाठवायचं नाही, म्हणून कबूल करते अण्णा. प्रतिज्ञापत्रात खोटं लिहिणार नाही म्हणणारी मी त्या मुलीशी मात्र खोटं बोलले. माझ्या नोकरीच्या पहिल्या वर्षात, याच ऑफिसात माझ्याबरोबर जेवायला कुणीही बसलं नव्हतं.